ठिपका आत्ताचा, नकाशा कधीचा?

भिलाईहून दल्ली राजहरामार्गे भानुप्रतापपूर, अंतागड, नारायणपूर असं दक्षिणेला उतरत गेलं की कुठेतरी फोनची रेंज जाते. नक्की कुठे, ते कंपनीगणिक आणि वाटेतल्या डोंगरागणिक बदलतं, पण जाते. नकाशा लावून गाडी हाकणाऱ्याला तेव्हा पडद्यावर एक चमत्कारिक दृश्य दिसतं. पुढचे चौकोन भरायचे थांबतात, रस्ता मध्येच तुटतो, सगळं राखाडी होतं. आणि त्या राखाडीतून निळा ठिपका मात्र गाडीच्या वेगाने निवांत पुढे सरकत राहतो.

यावर बहुतेक जण एकच निष्कर्ष काढतात: नकाशा घरीच उतरवून घ्यायला हवा होता. निष्कर्ष बरोबर आहे. पण सगळं बंद पडलं असताना ठिपका का बंद पडला नाही, या प्रश्नाच्या मागे थोडं गेलं तर आणखी बरंच हाती लागतं. पडद्यावर आपल्याला एकजीव दिसणारी गोष्ट मुळात दोन ठिकाणांहून आलेली असते. ठिपका आभाळातून येतो आणि तो या क्षणाचा असतो. नकाशा माणसांकडून येतो आणि तो मागच्या कुठल्यातरी दिवसाचा असतो. ऑफलाइन नकाशा वापरण्यातलं सगळं शहाणपण आणि सगळा धोका या फटीत आहे. म्हणून आधी दोन्ही वेगळे करून पाहू.

ठिपक्याचं काम तुलनेने सोपं. जीपीएसचे उपग्रह सुमारे 20,200 किलोमीटर उंचीवरून फिरत असतात आणि प्रत्येक जण अखंड तेच ते सांगत असतो: मी अमुक, माझ्या घड्याळात आत्ता इतके वाजले, माझी कक्षा अशी. फोन ते ऐकतो. निघाल्याची आणि पोचल्याची वेळ यांच्या फरकावरून प्रत्येक उपग्रहाचं अंतर काढतो, आणि निदान चार उपग्रह जुळले की स्वतःची जागा ठरवतो. तीन पुरले असते, चौथा लागतो तो फोनमधल्या साध्या घड्याळाची चूक भरून काढायला. या सगळ्यात फोन उपग्रहाला काहीही पाठवत नाही. आकाशवाणी लावली म्हणून आपण रायपूर केंद्राला काही कळवत नसतो, तसंच हे. त्यामुळे सिम नसलं, रिचार्ज संपलेला असला, तरी ठिपका चालतो. बहुतेक फोनांत विमानाचा मोड लावला तरी चालतो.

एक मेख आहे. उपग्रहाचा संदेश अतिशय सावकाश येतो, सेकंदाला फक्त 50 बिट. एका उपग्रहाच्या कक्षेचा तपशील पुरता ऐकायला अर्धा मिनिट लागतो आणि सगळ्या उपग्रहांचं ढोबळ पंचांग ऐकायला साडेबारा मिनिटं. शहरात आपल्याला हे जाणवत नाही, कारण तीच माहिती फोन नेटवरून क्षणात उचलतो. जंगलात फोन बंद करून पुन्हा चालू केला, की ही मदत नसते. मग ठिपका गोल गोल फिरत बसतो आणि लोक म्हणतात, जीपीएस गेलं. गेलेलं नसतं, ऐकत असतं. सालाच्या दाट पानांखाली ऐकू येणं आणखी कठीण होतं. उपाय साधा आहे: भिलाईतच लोकेशन चालू करावं, वाटेत फोन बंद करू नये, आणि अडलंच तर मोकळ्या जागी थांबून फोन बॉनेटवर उताणा ठेवून पाच मिनिटं धीर धरावा. धीराचीच पंचाईत असते, ती गोष्ट वेगळी.

हा ठिपका इतका चोख असणं हेही फार जुनं नाही. नागरी वापराच्या संकेतात अमेरिका मुद्दाम चूक मिसळत असे. ते मे 2000 मध्ये थांबलं, आणि तोवर सामान्य माणसाचा ठिपका शंभर मीटरपर्यंत इकडेतिकडे असायचा. दुसऱ्याच्या उपग्रहांवर अवलंबून राहण्याची खंत आपल्याकडे कारगिलनंतर तीव्र झाली आणि त्यातून आपली ‘नाविक’ प्रणाली उभी राहिली. तिचा पहिला उपग्रह जुलै 2013 मध्ये गेला. आज उघड्या आकाशाखाली साधा फोनसुद्धा पाचेक मीटरपर्यंत बरोबर सांगतो. हा आकडा लक्षात ठेवण्यासारखा आहे, कारण पुढचा सगळा घोटाळा त्याच्यामुळेच होतो.

आता नकाशा. आपण उतरवून घेतो ते चित्र नसतं, एक यादी असते. अमुक अक्षांश-रेखांशावर एक बिंदू, त्याचं नाव अंतागड. अमुक बिंदूंची माळ, तिचा प्रकार राज्यमार्ग. अमुक बिंदूंचं कडं, त्याचा प्रकार तलाव. फोन ही यादी वाचतो आणि पडद्यावर रेषा काढतो. म्हणून तर सबंध राज्य फोनच्या एका कोपऱ्यात मावतं आणि बोटांनी कितीही मोठं केलं तरी रेषा फाटत नाहीत. रस्ता शोधण्याचं गणितही याच यादीवर फोनमध्येच होतं. यादीत जे आहे ते आहे. जे नाही ते फोनच्या दृष्टीने पृथ्वीवरच नाही.

उतरवायची रीत सगळ्यांना माहीत असते, पण त्यातल्या खाचा वाटेत कळतात. गूगल मॅप्समध्ये आपण एक चौकट ओढतो आणि चौकटीतलं सगळं खाली येतं. माणूस नारायणपूरला निघालेला असतो, म्हणून चौकट नारायणपूरभोवती ओढतो. मधला अंतागडचा पट्टा, जिथे खरी गरज लागणार, तो चौकटीबाहेर राहतो. चौकट गावाभोवती नाही, वाटेवर ओढायची असते, आणि वाटेच्या दोन्ही अंगांना भरपूर जागा सोडून, कारण एक पूल बंद निघाला तर वळसा त्या जागेतूनच जाणार. नेट नसताना हे अॅप फक्त गाडीचा रस्ता सांगतं. पायवाट, बस, वाहतूक कोंडी काहीही नाही. नकाशाला मुदतही असते, ती संपली की पुन्हा उतरवावा लागतो.

ओपनस्ट्रीटमॅपवर चालणाऱ्या ऑसमअँडसारख्या अॅपमध्ये चौकट नाही, राज्यवार फाइली आहेत. इथे भिलाईच्या मराठी माणसाला एक खास ठेच लागते. बालोद, कुसुमकसा, मानपूर करत महाराष्ट्रात शिरणारा रस्ता मुरुमगाव, धानोरावरून गडचिरोलीला जातो, राष्ट्रीय महामार्ग 930. या भागात ज्यांचे नातेवाईक आहेत त्यांना नागपूरवरून वळसा घालण्यापेक्षा हाच सरळ वाटतो. पण फोनमध्ये फक्त छत्तीसगडची फाइल असेल, तर मानपूरपर्यंत प्रत्येक वळण दिसतं आणि हद्द ओलांडताच सगळं ओस पडतं. जंगल तेच, माणसं त्याच बोलीतली, सोयरिकी अलीकडे-पलीकडे; फाइल मात्र दोन. महाराष्ट्राची फाइल शेजारी असली की रस्ता पुन्हा उमटतो.

हे सगळं घरच्या वाय-फायवर, निघण्याच्या आदल्या दिवशी उरकावं असं का म्हणतात, तेही इथेच सांगून टाकतो. पुढे रेंज अजिबात नसते असं नाही. केंद्राच्या पहिल्या टप्प्यात माओवादग्रस्त भागांत बीएसएनएलचे जे 2,343 टॉवर उभे राहिले ते टूजीचे होते. त्यावर फोन लागतो, घरी ‘पोचलो’ म्हणून कळवता येतं. नकाशा उतरवायला घेतला तर मुक्काम करावा लागेल. आता तिथे फोरजी येत आहे, पण आपल्या वळणावर ते आलं आहे की नाही हे वळणावर गेल्यावरच कळतं.

इथवरचं सगळं सोयीचं झालं. ते कुठलंही अॅप शिकवतं. अडतं ते यापुढे, आणि ते समजून घ्यायला भिलाईएवढी चांगली जागा नाही.

भिलाईचा नकाशा आधी आला आणि गाव नंतर. 2 फेब्रुवारी 1955 ला सोव्हिएत संघाबरोबर पोलाद कारखान्याचा करार झाला, 4 फेब्रुवारी 1959 ला राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांच्या हस्ते पहिली झोतभट्टी सुरू झाली. दरम्यान कागदावर आखलेली एक नगरी शेतांवर उतरली. सेक्टर, सेक्टरमध्ये स्ट्रीट, स्ट्रीटवर क्वार्टर. नागपूर, भंडारा, वर्ध्याकडून नोकरीला आलेल्या मराठी कुटुंबांच्या पत्रांवर पत्ता असायचा तो असा: क्वार्टर 7-बी, स्ट्रीट 12, सेक्टर 6. यात कुठे मारुतीच्या देवळामागे नाही, पिंपळाशेजारी नाही. आकडे सांगितले की रिक्षावाला न विचारता दारात आणून सोडतो. अशा गावात वाढलेल्या माणसाचा नकाशावर जन्मजात विश्वास असतो, आणि तो चुकीचाही नसतो, कारण इथे जमीनच नकाशाच्या हुकमात बसवलेली आहे. तरी पूर्ण बसलेली नाही. सुपेला, रिसाली, मरोदा, रुआबांधा, खुर्सीपार ही आधीच्या गावांची नावं आकड्यांच्या कडेकडेने टिकून राहिली, आणि तिथे शिरलं की रिक्षावाला पुन्हा पत्ता विचारू लागतो.

दक्षिणेच्या जंगलात याच्या बरोबर उलटं आहे. तिथे गाव आधी आहे, शेकडो वर्षांपासून आहे, आणि नकाशा अजून पोचतो आहे. बस्तरकडचं गाव म्हणजे घरांचा एक पुंजका नसतो. ते पाऱ्यांमध्ये विखुरलेलं असतं: पटेलपारा, स्कूलपारा, नयापारा, ऊपरपारा. दोन पाऱ्यांत कधी शेतं, कधी नाला, कधी अख्खी टेकडी. नकाशा या सगळ्यावर मिळून एक टाचणी टोचतो आणि खाली गावाचं नाव लिहितो. ती टाचणी कुठल्या पाऱ्यात आहे, ती खरंच कुठल्या घरावर आहे की शिवाराच्या मधोमध कुणी अंदाजाने ठेवली आहे, हे पडद्यावरून कळायला मार्ग नाही. ज्याच्या घरी जायचं तो म्हणतो मी नयापाऱ्यात राहतो, आणि नयापारा प्रत्येक गावात एकेक असतो. नेट नसताना शोधपेटीत नाव टाकलं तर फाइलमध्ये ज्या स्पेलिंगने आहे त्याच स्पेलिंगने ते सापडतं. गोंडी नाव हिंदी कारकुनाने ऐकलं, ते रोमनमध्ये कुणी तिसऱ्यानेच उतरवलं, आणि शोधणारा चौथा. म्हणून निघताना नावावर विसंबू नये. ज्याच्याकडे जायचं त्याने जागेचे अक्षांश-रेखांश पाठवले असतील तर ते जतन करावेत. आकड्याचं स्पेलिंग चुकत नाही.

अबूझमाड हे याचं टोक. सुमारे 4,000 चौरस किलोमीटरचा डोंगराळ मुलूख, आणि महसुली मोजणी कित्येक दशकं झालेलीच नव्हती. डोंगर आणि नाले सर्वेक्षण खात्याच्या पत्रकांवर होते, पण गावांचा प्रश्न होता. फिरती शेती करणाऱ्या हिल मारियांची वस्ती काही वर्षांनी जागा सोडून पलीकडच्या उतारावर जात असे. अशा वस्तीला टाचणी टोचणं म्हणजे काय करणं? टाचणी टोचली त्या दिवशी ती बरोबर असेल. त्यानंतर गाव उठून गेलं, टाचणी जागेवर राहिली.

म्हणजे नकाशाला दिवस असतो. जुन्या कागदी नकाशावर तो छापलेला असे. भारतीय सर्वेक्षण विभागाच्या स्थलदर्शक पत्रकांची पद्धत अशी: सबंध देश क्रमांकित तुकड्यांत कापलेला. 80 ते 84 रेखांश आणि 20 ते 24 अक्षांशांमधला तुकडा 64. त्यातलं भिलाईचं पत्रक 64 जी/8, दल्ली राजहराचं 64 एच/2. जमिनीवरचा एक किलोमीटर कागदावर दोन सेंटिमीटर. आणि समासात, सगळ्यांना दिसेल अशा ठिकाणी, सर्वेक्षणाचं वर्ष. पत्रक हातात घेणारा माणूस आधी ते वर्ष बघत असे आणि मनातल्या मनात वजाबाकी करत असे: त्यानंतर कालवा झाला, रस्ता डांबरी झाला, हे गाव धरणात गेलं. तो वाचणारा नकाशाइतकाच जबाबदार होता.

फोनने हे वर्ष खाल्लं. ऑफलाइन नकाशांच्या यादीत जी तारीख दिसते ती डाउनलोडची किंवा फाइल तयार झाल्याची. कोयलीबेड्याकडचा एखादा रस्ता त्या फाइलमध्ये कधीच्या माहितीवरून आला, ते ती तारीख सांगत नाही. फाइल काल उतरवलेली असते, म्हणून सगळं कालचं वाटतं. प्रत्यक्षात एकाच फाइलमध्ये भिलाईचा सेक्टर 6 गेल्या महिन्याचा असू शकतो आणि जंगलातली पायवाट दहा वर्षांपूर्वीच्या उपग्रहचित्रावरून परदेशात बसलेल्या कुणा उत्साही माणसाने काढलेली. दोन्ही रेषा सारख्याच जाडीच्या, सारख्याच रंगाच्या. ऑफलाइन नकाशावर माझा सगळ्यात मोठा आक्षेप हा आहे. चुका असणं मला चालतं, कागदी पत्रकांतही असायच्या. पण वय लपवणं चालत नाही.

नकाशा म्हणजे कुणीतरी कधीतरी तिथे जाऊन आल्याची नोंद, हे भिलाईला तर विसरताच येणार नाही, कारण भिलाईची पाळंमुळंच एका अशा नोंदीपर्यंत जातात. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी भूगर्भ सर्वेक्षण खात्यातले प्रमथनाथ बोस यांनी या भागातल्या टेकड्या पायी पालथ्या घातल्या आणि दल्ली राजहराच्या लोहखनिजाची नोंद केली. ती नोंद नकाशावर एक गडद रंग होऊन नागपूरच्या संग्रहालयात जाऊन बसली. पुढे 1903-04 च्या सुमारास दोराबजी टाटा आणि सी. एम. वेल्ड हे अमेरिकन भूशास्त्रज्ञ पोलाद कारखान्यासाठी चांदा जिल्ह्यातल्या लोहाऱ्याच्या खनिजावर आशा ठेवून फिरत होते, तिथे जमेना. नाद सोडतो आहोत हे सांगायला दोराबजी नागपूरला आयुक्तांकडे गेले. आयुक्त जागेवर नव्हते. वाट बघता बघता समोरच्या संग्रहालयात शिरले आणि भिंतीवरच्या नकाशात तो गडद रंग त्यांच्या नजरेस पडला. मंडळी तडक राजहराच्या डोंगरांवर पोचली. बरोबर शापूरजी सकलातवाला होते, जे पुढे ब्रिटिश पार्लमेंटात कम्युनिस्ट खासदार म्हणून गेले. पोलादाच्या शोधात निघालेली माणसं कुठे कुठे पोचतात बघा.

खनिज नकाशात होतं तसंच निघालं, डोंगरच्या डोंगर. पण कारखान्याला लागणारा दगडी कोळसा आणि पाणी सोयीच्या अंतरावर मिळेना, आणि टाटा पूर्वेकडे वळले. तिथेही बोसच आडवे आले. तोवर ते मयूरभंज संस्थानच्या सेवेत होते आणि तिथल्या लोहखनिजाबद्दल त्यांनीच फेब्रुवारी 1904 मध्ये जमशेदजी टाटांना पत्र लिहिलं. राजहरा अर्ध्या शतकासाठी मागे पडला. मग भिलाई आली आणि त्याच डोंगरांवर जगली.

या हकिकतीत मला दोराबजींच्या नशिबापेक्षा नकाशाचं वागणं जास्त लक्षात राहतं. खनिज आहे हे त्याने अचूक सांगितलं, कारण बोस त्यासाठीच तिथे चालले होते. कारखाना होईल की नाही हे त्याने सांगितलं नाही, कारण तो प्रश्न घेऊन तिथे कुणी चाललंच नव्हतं. काढणाऱ्याने जे पाहिलं तेवढंच नकाशा जाणतो. आजच्या फाइलींनाही हे तंतोतंत लागू आहे. शहरात रस्ते गाड्यांसाठी नोंदले गेले, म्हणून गाडीसाठी ते चोख आहेत. जंगलातली रेषा उपग्रहचित्र पाहून काढली असेल, तर काढणाऱ्याने झाडीतली एक फिकट पट्टी पाहिली, एवढंच तिला ठाऊक. त्या पट्टीवरून बोलेरो जाते, की ट्रॅक्टर, की फक्त सायकल, हे त्याने पाहिलेलं नाही.

यात रपटा सगळ्यात फसवा. छत्तीसगडात आणि आपल्या विदर्भातही नाल्यावर पूल बांधण्याऐवजी पात्रातूनच काँक्रीटचा बुटका पट्टा टाकतात. आठ महिने त्यावरून गाडी बेलाशक जाते. पावसाळ्यात वरच्या डोंगरात तासभर पाऊस झाला की त्यावरून पाणी वाहू लागतं, आणि गुडघाभर पाणी गाडी ओढून न्यायला पुरतं. नकाशात रपटा म्हणजे रस्त्याचाच एक तुकडा, रेषेत खंड नाही. फोन हिशेब करतो: एवढे किलोमीटर, या प्रकारचा रस्ता, म्हणजे इतकी मिनिटं. तो हिशेब फेब्रुवारीत करा की ऑगस्टमध्ये, उत्तर एकच. नेट असतं तर निदान पुढे अडकलेल्या गाड्यांवरून काही अंदाज आला असता. पण जिथे रपटे आहेत तिथे नेट नाही आणि अडकायला फारशा गाड्याही नाहीत.

आता ठिपका आणि नकाशा पुन्हा एकत्र आणू, म्हणजे धोका नेमका कुठे आहे ते दिसेल. ठिपका पाच मीटरपर्यंत बरोबर असतो. तो आपल्याबरोबर वळतो, थांबलं की थांबतो. तासभर त्याची ही इमानदारी पाहिल्यावर मनाला सवय लागते की पडद्यावरचं सगळंच असं इमानदार आहे. ठिपक्याने कमावलेला विश्वास आपण नकळत नकाशाच्या खात्यावर जमा करतो. जानेवारी 2021 मध्ये अहमदनगर जिल्ह्यात अकोले तालुक्यातल्या कोतूळजवळ हेच झालं. पिंपळगाव खांड धरणाचं पाणी चढलं की तिथला जुना पूल काही महिने बुडालेला असतो, हे गावात पोराटोरांना माहीत. कळसूबाईकडे निघालेली पुण्याची मंडळी रात्री नॅव्हिगेशनच्या भरवशावर त्या रस्त्याला लागली आणि गाडी सरळ पाण्यात गेली. दोघं पोहून वाचली, एक जण गेला. नोव्हेंबर 2024 मध्ये उत्तर प्रदेशात बरेलीजवळ पुढचा भाग पुरात वाहून गेलेल्या पुलावरून गाडी रामगंगेच्या पात्रात कोसळली, तिघं मेले. दोन्ही ठिकाणी गाडी पडद्यावर दिसत होती तिथेच, त्याच रस्त्यावर होती. रस्ता जुन्या दिवसाचा होता.

ही दोन्ही ठिकाणं काही निबिड अरण्यातली नव्हती, नेटचाही तिथे दुष्काळ नसावा. तरीही हे झालं, यावरून नेटशिवायच्या मुलखात किती जपायला हवं याचा अंदाज करावा.

मग नकाशा नेऊच नये का? असं म्हणणारे जुने ड्रायव्हर भेटतात, आणि ते अंतागडच्या पुढे खरोखर फोन खिशात घालून गाडी चालवतात. मला ते पटत नाही. तिठ्यावर रात्री विचारायला कुणी नसतं, तेव्हा डावीकडची वाट पाच किलोमीटरवर संपते आणि उजवीकडची नारायणपूरला जाते हे फाइलच सांगते. पण त्यांची एक रीत उचलण्यासारखी आहे. ते वाट विचारत नाहीत, वाटेची अवस्था विचारतात. भानुप्रतापपूरच्या स्टँडवर समोरून आलेल्या बसच्या ड्रायव्हरला गाठून, ‘भैया, रपटा म पानी चढ़े हे का?’ एवढंच. बस आजच सकाळी तिथून आली आहे. तिच्या माहितीचं वय दोन तास. कुठला रस्ता हा प्रश्न फाइलला, आज तो कसा आहे हा प्रश्न माणसाला, अशी ही वाटणी आहे. बाजाराच्या दिवशी तर हे आणखी सोपं, कारण आठवडी बाजाराला आजूबाजूच्या सगळ्या पाऱ्यांतून माणसं चालत, सायकलवर, पिकअपमध्ये बसून आलेली असतात. कुठली वाट चालू आहे हे त्यांच्या येण्यावरूनच कळतं.

विचारून कळलेलं लगेच फोनमध्ये टिपून ठेवता येतं, हे मात्र त्या जुन्या ड्रायव्हरांना सहसा माहीत नसतं. ऑसमअँडसारख्या अॅपमध्ये नेट नसतानाही नकाशावर बोट दाबून खूण करता येते आणि आपण गेलो त्या वाटेची रेघ साठवता येते. घरी परतल्यावर ओपनस्ट्रीटमॅपवर खातं उघडून तो रपटा नोंदवायला फार वेळ लागत नाही: रेषेवर बिंदू, प्रकार ‘फोर्ड’, पावसाळ्यात पाण्याखाली. रस्ता कच्चा असेल तर तसा शेरा. पाऱ्यांची नावं, टाचणीपासून वेगळी, प्रत्येकी आपापल्या जागी. 2004 मध्ये इंग्लंडात सुरू झालेला हा नकाशा अशाच फुटकळ नोंदींवर उभा राहिला आहे. सरकारी बाजूनेही हात मोकळा होत आला आहे: फेब्रुवारी 2021 मध्ये नकाशांवरची जुनी परवान्यांची बंधनं बरीचशी उठली, आणि 2022 मध्ये पंतप्रधान ग्रामसडक योजनेच्या रस्त्यांची आणि वस्त्यांची माहिती सर्वांना खुली झाली. तरी योजनेच्या दप्तरात नसलेली वाट तिथे जाऊन आलेल्या माणसालाच नोंदवावी लागणार.

भिलाईत हे काम करायला माणसं कमी नाहीत. कारखान्यातून निवृत्त झालेले, सर्व्हे आणि ड्रॉइंगमध्ये हयात घालवलेले, खाणींच्या निमित्ताने राजहरा ते रावघाट हा पट्टा ओळखणारे पुष्कळ जण सेक्टरांत बसून आहेत. दल्ली राजहराहून रावघाटकडे 95 किलोमीटरची रेल्वे टाकणं सुरू झालं, तशी तिच्या कडेने नवी स्टेशनं, नवे फाटे, नवे पूल होत आले आहेत. 2022 मध्ये प्रवासी गाडी अंतागडला पोचली, 2023 मध्ये ताडोकीला. प्रत्येक नव्या पुलामागे एक जुना रपटा निवृत्त होतो, आणि नकाशाला दोन्ही गोष्टी कुणीतरी सांगाव्या लागतात.

केलेली नोंद ओपनस्ट्रीटमॅपच्या संकेतस्थळावर काही मिनिटांत दिसू लागते. ऑसमअँडच्या राज्याच्या फाइली महिन्यातून एकदा नव्याने तयार होतात, तेव्हा छत्तीसगडच्या पुढच्या फाइलमध्ये तो रपटा येईल. ज्याच्या फोनमध्ये आधीची फाइल आहे त्याला तो दिसणार नाही. त्याने ती पुन्हा उतरवून घ्यायला हवी, आणि ती महाराष्ट्राच्या फाइलसकट, मानपूरच्या अलीकडेच.